पिवळी पेटी

२५ फेब्रुवारी १९४०, रविवार. मार्गासनी.

गुडघे बोलत आहेत. वेल्ह्यापर्यंत बैलगाडी आणि पुढं दोन तास चढण. कड्यावरच्या धनगरवाड्यात मतं मागायला गेलो होतो. भोरच्या कोर्टातली माझी मुखत्यारी आणि प्रजापक्षाचं वेल्हे भागाचं अध्यक्षपद, दोन्ही त्या शेळ्यांच्या वाटेवर कामाला आली नाहीत. शेवटचा टप्पा चक्क हातापायांवर चढलो.

पण जाणं भाग होतं. संस्थानानं यंदा कायदेमंडळासाठी चराईपट्टी भरणाऱ्यालाही मत दिलं आहे. त्या वाड्यातली चौतीस नावं यादीत आली. खालच्या गावांत माझी आणि गेनबा पाटलांची मतं बरोबरीत पडतील. पाटील सरकारच्या मर्जीतले, त्यांना लोक भितात. म्हणजे निकाल वरच्या चौतीसांच्या हातात.

वाड्याचा म्होरक्या रखमाजी. साठीचा, बोलतो कमी. त्यांचं गाऱ्हाणं एकच: रान राखीव झालं, शेळी आत गेली की कोंडवाड्यात. ठकुबाई नावाच्या विधवेची गाभण शेळी कोंडवाड्यातच मेली. ती समोर बसली होती, पण शेळीची गोष्ट तिनं सांगितली नाही, दुसऱ्यांनी सांगितली. मी म्हणालो, निवडून गेलो तर पहिल्या बैठकीत माझं पहिलं बोलणं तुमच्या रानाचं.

सगळ्यांनी माना हलवल्या. माना हलवणारे मी कोर्टात वीस वर्षं बघतोय, ते दोन्ही बाजूंना हलवतात. म्हणून मीच म्हणालो, बेलभंडारा उचला.

रखमाजी म्हणाला, “मुखत्यार, ह्यो खेळ न्हाई. एकदा उचलला की उचलला.”

मी म्हणालो, म्हणूनच.

खंडोबाच्या ठाण्यापुढं एकेकानं बेलाचं पान आणि चिमूटभर भंडारा उचलून माझ्या नावाचं मत बोललं. शेवटी रखमाजीनं वाटी माझ्यापुढं धरली. “तुमी बी उचला. रानाचं बोलनार म्हणालासा न्हवं?” मीही उचलला. त्यात काय. सदऱ्याला पिवळा डाग पडला आहे, तो आमच्या घरात, चंद्राबाईनं, अजून पाहिला नाही.

३ मार्च, रविवार.

भोरला पेट्यांचे रंग वाटले. लिहिता न येणाऱ्यांसाठी प्रत्येक उमेदवाराची पेटी वेगळ्या रंगाची. कारकून म्हणाला, लाल घ्या, शुभ असतो. मी पिवळा मागून घेतला. भंडाऱ्याचा रंग, धनगरांना सांगावंच लागणार नाही. लाल पाटलांना गेला.

हे नाथाला मोठ्या कौतुकानं सांगितलं. नाथा आमच्या पक्षाचा चिटणीस, शिवऱ्याचा. शाळेत मास्तर होता, पक्षात आला म्हणून नोकरी गेली. तो हसला नाही. म्हणाला, “आबा, मत ज्याचं त्यानं ठरवायचं. देवाला मधी कशाला घातलं?”

मी म्हणालो, एकदा निवडणूक लढव, मग विचार.

१७ मार्च, रविवार. भोरहून परत.

आज सगळंच उलटं झालं. दिवाणसाहेबांचा जाहीरनामा निघाला. निम्मे सभासद सरकार नेमणार आणि मंडळानं फक्त सल्ला द्यायचा. म्हणजे नुसतं बसायचं. धर्मशाळेत पक्षाची बैठक झाली आणि बहिष्कार ठरला. ठराव मी मांडला. कोणीतरी मांडायचाच होता आणि माझा आवाज मोठा आहे.

अडचण अशी, की नावं मागं घ्यायची मुदत गेल्याच आठवड्यात संपली. नावं राहणार, पेट्याही राहणार. म्हणून प्रत्येक उमेदवारानं आपली पेटी रिकामी निघेल हे बघायचं. पक्षाची एक जरी पेटी भरली, एक जरी माणूस आत गेला, तर सरकार जगाला सांगणार की प्रजेला हे मंडळ मान्य आहे. मी बैठकीतच घोषणा दिली, ‘मुकी खुर्ची, नको खुर्ची.’ सगळी धर्मशाळा उठून उभी राहिली. अशी दाद मला आजवर मिळालेली नाही.

घरी येऊन चंद्राबाईला सांगितलं. तिनं एवढंच विचारलं, “आन वरची मानसं?”

मी म्हणालो, त्यांना कळवू.

“कळवून भागंल व्हय? ज्यानं उचलायला लावला त्यानंच जाऊन भंडारा वाटीत परत टाकायचा. माझ्या म्हायेरी तसंच हाय. निरोप चालत न्हाई.”

तिचं माहेर डोंगरातलं, तिला असल्या गोष्टी फार माहीत. जाईन म्हणालो. मतदान एकोणतीसला. बारा दिवस आहेत.

१८ मार्च, सोमवार.

रखमाजीला सविस्तर पत्र लिहिलं. बहिष्काराची कारणं, दिवाणांचा डाव, सगळं सोप्या भाषेत. पत्र चांगलं उतरलं, नक्कल ठेवली आहे. आमचा गडी गेनू उद्या वेल्ह्याच्या बाजाराला जाणार, त्याच्याकडं दिलं.

२१ मार्च, गुरुवार.

गेनू आला. वाड्यात वाचता येणारं कोणी नाही, पत्र रानाच्या रखवालदारानंच वाचून दाखवलं म्हणे. रखमाजीचा निरोप असा: “कागदातलं कळलं. पर भंडारा कागदावं उचलला न्हवता. मुखत्यार कवा येत्यात?”

नाथा तेव्हा ओसरीवरच बसला होता. म्हणाला, “उद्या जाऊ आबा. मी बी येतो.”

उद्या कापूरहोळला सभा आहे. नाथा म्हणतो, सभा मी घेतो. पण लोक येतात ते मला ऐकायला, हे त्याला कोणी सांगायचं? मीच सांगितलं.

२२ मार्च, शुक्रवार.

कापूरहोळ. नाक्यावर तीनशे माणूस. सर्व्हिस मोटारी थांबल्या, उतारू खाली उतरून ऐकत होते. तासभर बोललो. ‘मुकी खुर्ची’ म्हटलं की पुढचं लोकच म्हणत होते. इतकं चांगलं मी कधीच बोललो नसेन.

२३ मार्च, शनिवार. शिमगा.

सकाळी वर जायला निघालो. वेल्ह्यात चौकीपाशी जमादार उभा होता. म्हणाला, “मुखत्यार, कुनीकडं?” पक्षाच्या माणसांवर वॉरंटं निघणार अशी भोरला कुजबुज आहे. मी म्हणालो, देवीला. मेंगाईच्या देवळात घटकाभर बसलो आणि परत फिरलो.

चंद्राबाईला सांगितलं की वाटेत पोलीस होते.

“आडवलं का त्यांनी?”

उभे होते, म्हणालो. तिनं पोळीवर तूप वाढलं. मागच्या अंगानं आणखी एक वाट वर जाते. ती तिच्याच माहेरावरून जाते. पण सणासुदीला सासुरवाडीवरून नुसतं पुढं कसं जायचं?

२५ मार्च, सोमवार.

डोकं जड. उठलो तर उंबऱ्याशी माझ्या वहाणा पुसून ठेवलेल्या आणि शेजारी फडक्यात भाकरी बांधलेली. विचारलं तर म्हणाली, “आज ऊन कमी हाय.” मी सांगितलं की भोरला तारीख आहे. तारीख खरं तर बुधवारी आहे, पण अशिलाला आधी भेटलेलं बरं. भाकरी मोटारीत खाल्ली.

२७ मार्च, बुधवार.

फार राग आला आहे. संध्याकाळी नाथा आला, पाय धुळीनं माखलेले. मला न विचारता वर जाऊन आला. त्यांनी त्याला दूध दिलं, बसायला घोंगडं दिलं. पण रखमाजी म्हणाला, “मास्तर, तुमी भला मानूस. पर तुमी उचलायला लावला न्हाई.” नाथा म्हणतो, रोज एक जण कड्याच्या टोकाला बसून माझी वाट बघतो. ठकुबाई तर दोनदा वेल्ह्यापर्यंत उतरून गेली.

“अजून उद्याचा दिस हाय, आबा. पहाटे निघू. पाच मिनिटांचं काम हाय, भंडारा वाटीत टाकायचा आन यायचं.”

मी म्हणालो, अध्यक्ष तू की मी? आवाज जरा चढलाच. तो चहा न घेता गेला. चंद्राबाईनं त्याचा कप तसाच आत नेला.

मला एक कळत नाही, या सगळ्यांना माझ्याबद्दल शंका का यावी. बहिष्काराचा ठराव मी मांडला आहे.

२८ मार्च, गुरुवार.

भोरला पक्षाचे पुढारी गावागावांतून काय कळतं ते विचारायला आले होते. माझ्या भागाचं सांगितलं, एक मत पडणार नाही. जाऊन यायला आता उशीर झाला. आणि रंगपंचमीला ते लोक कुठले उतरतात इतक्या लांब.

दुपारी न्हावी दाढी करत असताना मनात आलं की कायदेमंडळातलं पहिलं भाषण कसं सुरू करावं लागलं असतं. नुसतं आपलं मनात आलं.

२९ मार्च, शुक्रवार. मतदान.

घडलं तसं लिहितो.

मार्गासनीच्या शाळेत मतदान. आम्ही सकाळपासून पायरीसमोर बसलो, मी, नाथा आणि पंधरा माणसं. येईल त्याला हात जोडून परत पाठवायचं. दुपारपर्यंत पाटलांचे भाऊबंद आणि कुळं तेवढी आत गेली. बाकी गावं घरात बसली. नाथाचा चेहरा उजळला होता. त्यानं मला तंबाखू दिली, परवाचं विसरला असावा.

दोनच्या सुमारास वेल्ह्याच्या वाटेवर धूळ दिसली. खांद्यावर घोंगड्या, हातात काठ्या, एकामागं एक. पुढं रखमाजी. मोजले, एकतीस. चराईपट्टी ठकुबाईच्या नावावर, म्हणून तीही होती. सगळ्यांच्या कपाळाला भंडारा.

मी पुढं होऊन हात जोडले. परत फिरा म्हणालो. मत द्यायचं नाही, माझंच सांगणं आहे.

रखमाजी म्हणाला, “मुखत्यार, धा दिस वाट बगितली. तुमी वर आला असता तर आमी मोकळं झालो असतो. आता देवाला काय सांगू, कागुद आला व्हता म्हनून?”

“मग इथं टाका. आत्ता माझ्या हातावर टाका, मी घेतला म्हणतो.”

“हितं? शाळंच्या पायरीवं?” त्याला हसू आलं नाही, वाईट वाटलं असावं. “देव वर हाय.”

तेव्हा नाथा उठला आणि शाळेच्या दारात उंबऱ्याला लागून आडवा झाला. रांग थांबली. पडलेल्या माणसाला ओलांडायचं नाही, हे आमच्याकडं लहान पोरालाही माहीत असतं. एकतीस माणसं जागच्या जागी उभी.

ठकुबाई म्हणाली, “मास्तर, उटा. आमी मानूस वलांडत न्हाई, आन उचललेलं मोडत बी न्हाई.” असं म्हणून ती तिथंच धुळीत बसली. मग बाकीचेही बसले. मतदान पाचला बंद होणार. ते तसेच बसून राहिले असते तर पाच वाजले असते.

नाथा पडल्या जागेवरून माझ्याकडं बघत होता. त्याच्या शेजारी एका माणसाची जागा होती. मी जाऊन पडावं एवढंच त्याला हवं होतं. दोघे आडवे, त्यात ज्याच्यासाठी भंडारा उचलला तोच माणूस, मग पोलिसांनाही पंचाईत झाली असती. मी दोन पावलांवर होतो. पंधरा माणसं बघत होती, एकतीस बघत होती, बंदोबस्ताचा फौजदारही बघत होता.

फौजदारानं खूण केली. दोन शिपायांनी नाथाला काखेत धरून ओढत बाजूला नेलं. पायऱ्यांवरून ओढताना त्याचं कोपर सोललं. 

मग ते एकेक करून आत गेले. मी पायरीजवळ उभा होतो. पेटीत कागद पडल्याचा आवाज बाहेर येत नाही, तरी मी मोजत होतो.

३० मार्च, शनिवार.

पिवळ्या पेटीत एकतीस. लाल पेटीत सव्वीस. पक्षाच्या बाकी सगळ्या पेट्या रिकाम्या, सबंध संस्थानात. एकट्या माझ्या पेटीत मतं. दुपारी दिवाणकचेरीचा पट्टेवाला अभिनंदनाचा लखोटा घेऊन आला. चंद्राबाईनं तो घेतला आणि देवळीत पालथा ठेवला.

२ एप्रिल, मंगळवार.

पक्षाच्या कमिटीत कोणी ओरडलं नाही. ओरडले असते तर मला उत्तरं देता आली असती. पहिली बैठक पंधराला, त्याआधी जागेचा राजीनामा द्या, नाहीतर पक्षाचा. जागेचाच देतो म्हणालो. फक्त आधी वर जाऊन त्या लोकांना सांगून येतो.

नाथा खाली बघत म्हणाला, “आता जाताय.”

३ एप्रिल, बुधवार.

गेलो. वेल्ह्याच्या चौकीवर जमादारानं सलाम केला. चढायला पावणेदोन तास लागले, दोनही नाहीत.

रखमाजी ठाण्यापाशी दावं वळत बसला होता. मी सगळं सांगितलं. खुर्ची सोडतो आहे, माझा भंडारा परत घ्या. वाटी तिथंच होती, हाताच्या अंतरावर. मी हात पुढं केला तर त्यानं माझं मनगट धरलं.

“आदी आला असता तर घ्येतला असता. समद्यांचाच घ्येतला असता, आन तुमाला दूध पाजून लावलं असतं. आता आमी दिलं. आमचं फिटलं. तुमचं ऱ्हायलंय.”

मी पक्षाचं समजावून सांगितलं, बराच वेळ. त्यानं सगळं ऐकलं, एकदाही मान हलवली नाही. शेवटी म्हणाला, “तुमचं खरं असंल. पर उचलायला तुमीच लावलं, मुखत्यार. आमी न्हवतो म्हनत.”

ठकुबाईनं ताक दिलं. ते पिऊन उतरलो.

८ एप्रिल, सोमवार. पाडवा.

चार दिवस लिहिलं नाही. काल पक्षाचा राजीनामा पाठवला, जागेचा नाही. बारा वर्षांपूर्वी आमच्या ओसरीवर सात माणसांत हा पक्ष सुरू झाला, तेव्हा घोंगडं माझंच होतं.

आज नाथा दफ्तर आणि शिक्का न्यायला आला. आता अध्यक्ष तो. कोपरावर खपली धरली आहे. सणाचा दिवस म्हणून चंद्राबाईनं त्याला जेवायला बसवलं आणि तो जेवला. निघताना दारात थांबला.

“आबा, एक विचारू? बारा दिस व्हते. तुमी वर का न्हाई गेला?”

चौकी, सभा, तारीख, डोकेदुखी, सगळी उत्तरं तोंडाशी आली. आत चंद्राबाईची भांडी वाजायची थांबली. मी म्हणालो, “मला निवडून यायचं होतं रे.”

स्वतःच्या तोंडून हे मी पहिल्यांदा ऐकलं. नाथानं मान डोलावली, जणू त्याला ते आधीच माहीत होतं. दफ्तर काखेत मारून तो गेला. आतली भांडी पुन्हा वाजू लागली.

मागची पानं आज वाचून काढली. सगळं लिहिलेलंच आहे. मीच लिहिलेलं आहे.

१५ एप्रिल, सोमवार. भोर.

सकाळी कचेरीच्या रस्त्यावर पक्षाची माणसं काळे झेंडे घेऊन उभी होती. तीच पंधरा आणि आणखी शंभर. ‘मुकी खुर्ची, नको खुर्ची.’ ठेका बरोबर बसला होता, मीच बसवून दिलेला. मी मधून गेलो. कोणी अंगाला हात लावला नाही. नाथानं रस्ता करून दिला.

आत पहिल्या बोलण्याची पाळी आली तेव्हा उठलो. न्हाव्यापुढं बसून जुळवलेली वाक्यं एकही आठवली नाहीत. राखीव रानाचं बोललो, कोंडवाड्याचं बोललो, ठकुबाईच्या गाभण शेळीचं बोललो. चार-पाच मिनिटं झाली असतील. नेमलेल्या सभासदांपैकी एक जण पानाला चुना लावत होता. अध्यक्ष म्हणाले, नोंद घेतली. रान काही सुटणार नाही, हे तिथंच कळलं.

बाहेर आलो तर पिंपळाखाली रखमाजी आणि ठकुबाई बसलेली. कधी निघाली असतील कोण जाणे.

“बोललासा?”

“बोललो. पण त्याचा उपयोग—”

“आमचं नाव घ्येतलं?” ठकुबाईनं विचारलं.

“घेतलं. शेळीचंही सांगितलं.”

तिनं पदर तोंडाला लावला. रखमाजीनं कनवटीची पुरचुंडी सोडली आणि चिमूटभर भंडारा माझ्या कपाळाला लावला. “फिटलं मुखत्यार. आता तुमी मोकळं.” मग दोघं उठून चालू लागली. शेळ्या दुसऱ्याच्या भरवशावर टाकून आली होती, त्यांना थांबायला वेळ नव्हता. मला वाटलं होतं वळून बघतील.

रस्त्यापलीकडं नाथाची माणसं झेंडे गुंडाळत होती. अलीकडं कचेरीच्या पायऱ्यांवर सभासद एकमेकांना पान देत होते. मला कोणीच हाक मारली नाही. कापूरहोळच्या मोटारीला अजून तास होता, तेवढा वेळ पिंपळाखालीच बसून राहिलो.